आरोग्याच्या अभ्यासात समाजशास्त्र हवे, आणि ते सर्वांना हवे

गोव्यातील सत्तरी तालुक्यात काजूचा हंगाम साधारण फेब्रुवारीत सुरू होतो आणि मे महिन्यापर्यंत चालतो. या दिवसांत डोंगरावरच्या बागायतीत जाणे टाळता येत नाही. बोंडू, म्हणजे काजूची फळे, पिकून झाडाखाली पडतात, ते पाचोळ्यात हात घालून वेचावे लागतात, बी मुरगळून वेगळी करावी लागते आणि बोंडू वेळेवर दारूच्या भट्टीपर्यंत पोचले नाहीत तर नासून जातात. २०१५ साली याच तालुक्यातील पाली गावात माकडतापाचे रुग्ण आढळले, आणि पुढच्या वर्षी सीमेपलीकडच्या महाराष्ट्रातील दोडामार्ग तालुक्यातही हा ताप दिसला. १९५७ साली कर्नाटकातील शिमोगा जिल्ह्यात, क्यासनूरच्या जंगलात, ज्या विषाणूची ओळख पटली तोच हा विषाणू. तो गोचिडीमार्फत पसरतो, जंगलातील माकडे त्याने मरतात आणि मेलेल्या माकडाच्या अंगावरच्या गोचिडी आसपासच्या पाचोळ्यात उतरतात. गोचिडीच्या पिल्लांचा उपद्रव हिवाळ्यापासून मे महिन्यापर्यंत असतो, म्हणजे ज्या महिन्यांत माणसाचा हात पाचोळ्यात असतो त्याच महिन्यांत गोचीडही तिथे असते.

मी उच्च माध्यमिक विद्यालयात समाजशास्त्र शिकवतो. बारावीच्या वर्गात मी दरवर्षी विचारतो की माकडताप कशामुळे होतो. विषाणूमुळे, गोचीड चावल्यामुळे, अशी उत्तरे लगेच येतात आणि ती अचूक असतात. मग मी दुसरा प्रश्न विचारतो: तो सत्तरीत का होतो, पणजीत का होत नाही, आणि सत्तरीतही सर्व घरांना सारखाच का होत नाही? या प्रश्नावर वर्ग बराच वेळ गप्प राहतो. एका वर्षी मागच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, "सर, आमच्या गावात बागायत ज्याची असते तो बोंडू वेचायला वाकत नाही." त्या मुलीचे घर हंगामात दुसऱ्याच्या बागायतीत मजुरीला जात असे. पाठ्यपुस्तकातील 'सामाजिक स्तरीकरण' या प्रकरणावर मी तीन तास बोललो होतो, आणि ते सगळे तिने एका वाक्यात माझ्यासमोर ठेवले.

आरोग्याचे शिक्षण घेणाऱ्या आणि न घेणाऱ्या अशा सर्वच विद्यार्थ्यांना समाजशास्त्र शिकवले पाहिजे, असे मी म्हणतो त्यामागे त्या मुलीचे वाक्य आहे. विषाणू कोणाच्या शरीरात शिरतो हे जीवशास्त्र सांगते. तो शरीराच्या दारापर्यंत कसा पोचला, कोणत्या कामामुळे, कोणत्या जमिनीवरून, कोणाच्या निर्णयाने, हे विचारण्याची शिस्त समाजशास्त्र देते. सत्तरीत तर जमिनीचा प्रश्न थेट आरोग्यात येतो, कारण मोकाशांच्या, म्हणजे वतनदार जमीनमालकांच्या, जमिनींवर पिढ्यान्‌पिढ्या काजू लावणाऱ्या अनेक कुटुंबांच्या नावावर ती जमीन आजही नाही. अशा माणसाला 'हंगामात जंगलात जाऊ नका' असे सांगणे वैद्यकीयदृष्ट्या बरोबर आहे, पण तो सल्ला पाळायचा तर त्याने वर्षाच्या रोख उत्पन्नावर पाणी सोडले पाहिजे. लसीचेही तसेच होते. या तापावरची लस महिन्याच्या अंतराने दोनदा, मग सहा ते नऊ महिन्यांनी एकदा आणि पुढे काही वर्षे दरवर्षी घ्यावी लागत असे. रोजंदारीवरच्या माणसाला दर वेळी एक दिवस मोडावा लागे. तो तिसऱ्या मात्रेला आला नाही की 'लोकांना आरोग्याची जाणीवच नाही' असे आपण चटकन म्हणत असू. ते म्हणण्याआधी त्याच्या त्या दिवसाची मजुरी किती होती हे विचारायला हवे होते, इतकी साधी ही गोष्ट आहे.

हा विचार नवा नाही. १८४८ साली प्रशियाच्या सरकारने रुडॉल्फ व्हिर्चो या तरुण डॉक्टरला अप्पर सायलेशियात टायफसची साथ पाहायला पाठवले. शरीरातील पेशींचा अभ्यास करून पुढे जगप्रसिद्ध झालेला हा माणूस, पण त्याने सरकारला दिलेल्या अहवालात औषधांपेक्षा शिक्षण, स्वातंत्र्य आणि लोकांच्या आर्थिक उन्नतीची मागणी अधिक ठामपणे मांडली होती. आपल्याकडे १८९७च्या पुण्यातील प्लेगने या प्रश्नाच्या दोन बाजू एकाच शहरात दाखवल्या. एकीकडे घरात शिरून केलेल्या सक्तीच्या झडत्या आणि त्यातून पेटलेला लोकक्षोभ, दुसरीकडे रुग्णांची सेवा करता करता त्याच रोगाने मृत्यू पत्करलेल्या सावित्रीबाई फुले. रोग एकच होता, पण एका ठिकाणी लोकांनी दारे लावून घेतली आणि दुसऱ्या ठिकाणी ते स्वतःहून आले. हा फरक समजून घ्यायला सूक्ष्मदर्शक उपयोगाचा नाही.

गोव्याला तर या विषयाचा इतिहास घरचाच आहे. पणजीत वैद्यकीय शाळा सुरू झाली ती १८४२ साली, आणि वारंवारच्या साथींनी ओस पडलेल्या जुन्या गोव्याऐवजी पणजी अधिकृतपणे राजधानी झाली ती त्याच्या पुढच्याच वर्षी. एक वैभवशाली नगर रोगराईने रिकामे होते आणि पुढे आशियातील जुन्या वैद्यकीय विद्यालयांपैकी एक उभे राहते, हे गोव्यातील किती विद्यार्थ्यांना एकत्र शिकवले जाते? पहिली घटना इतिहासाच्या तासाला येते, दुसरी जीएमसीच्या, म्हणजे गोवा वैद्यकीय महाविद्यालयाच्या, माहितीपत्रकात.

याहून जवळचा आणि याहून वेदनादायक धडा १९८९ सालचा आहे. डॉमनिक डिसोझा हा तरुण नियमित रक्तदान करणारा होता. त्याच्या रक्तात एचआयव्ही आढळल्यावर त्याला पोलिसांनी ताब्यात घेतले आणि म्हापशातील जुन्या क्षयरोग रुग्णालयात ६४ दिवस एकट्याला कोंडून ठेवले. हे कोणा एका अधिकाऱ्याच्या लहरीने घडले नव्हते. गोवा, दमण आणि दीव सार्वजनिक आरोग्य कायदा, १९८५ यात अशा रुग्णाला वेगळे ठेवण्याची तरतूद करण्यात आली होती. त्याच्या आईने उच्च न्यायालयात धाव घेतली, तो बाहेर आला, पण न्यायालयाने ती तरतूद वैधच ठरवली. पुढे त्याने याच आजाराच्या लोकांसाठी संघटना उभी केली आणि १९९२ साली त्याचे निधन झाले. एचआयव्हीग्रस्तांशी भेदभाव करण्यास मनाई करणारा देशाचा कायदा व्हायला २०१७ साल उजाडले.

या घटनेत वैद्यकीय ज्ञानाचा अभाव नव्हता. हा विषाणू स्पर्शाने, हवेने किंवा एका खोलीत राहिल्याने पसरत नाही, हे १९८९ साली वैद्यकशास्त्राला ठाऊक होते. तरीही कायदा करणाऱ्यांनी, तो राबवणाऱ्यांनी आणि त्याला मूक संमती देणाऱ्या समाजाने भीतीचे ऐकले. आजाराला कलंक कसा चिकटतो, आजारी माणूस गुन्हेगाराच्या जागी कसा उभा केला जातो आणि 'सार्वजनिक हित' हा शब्द कोणाविरुद्ध वापरला जातो, हे प्रश्न समाजशास्त्राच्या पहिल्या वर्षाचे आहेत. म्हापशात शिकणाऱ्या मुलाला हे म्हापशाच्या उदाहरणाने शिकवता येते. मी ते शिकवतो तेव्हा वर्गात जी शांतता पसरते ती कोणत्याही व्याख्येने पसरत नाही.

आता अशा आजारांकडे वळतो ज्यांना तापही नसतो आणि ज्यांची बातमीही होत नाही. गोव्यातील एका प्राथमिक आरोग्य केंद्राच्या परिसरातील स्त्रियांची एक मोठी पाहणी २००५ साली प्रसिद्ध झाली. 'अंगावरून पांढरे जाते' ही तक्रार घेऊन असंख्य स्त्रिया दवाखान्यात येतात आणि जंतुसंसर्ग धरून त्यांना औषधे दिली जातात. या पाहणीत असे दिसले की या तक्रारीचा संबंध जंतुसंसर्गापेक्षा मानसिक ताणाशी आणि सामाजिक अडचणींशी अधिक घट्ट होता. त्या स्त्रियांना कारण विचारले तेव्हा त्यांनीही मनावरचा ताण आणि अंगातील उष्णता ही कारणे मोठ्या प्रमाणावर सांगितली होती. म्हणजे रुग्णाला आपल्या आजाराविषयी काही ठाऊक होते, ती ते सांगतही होती, पण तिचे वाक्य औषधाच्या चिठ्ठीत मावत नव्हते.

या ठिकाणी मला थोडे थांबावेसे वाटते, कारण माझ्या मते समाजशास्त्र विद्यार्थ्याला जे सर्वात मोलाचे देते ते इथे आहे. मराठीत आपण 'रोग' आणि 'दुखणे' हे दोन शब्द वापरतो आणि त्यांतील अंतर आपल्या आजीला चांगले कळत होते. रोग डॉक्टरला सापडतो, दुखणे माणूस भोगतो. कधी रोग असतो आणि दुखणे नसते, कधी दुखणे असते आणि तपासणीत रोग सापडत नाही. अमेरिकन समाजशास्त्रज्ञ टाल्कट पार्सन्स यांनी १९५१ साली असे मांडले की आजारी असणे ही एक सामाजिक भूमिकाही आहे: आजारी माणसाला नेहमीच्या कामातून सूट मिळते, आजाराचा दोष त्याला दिला जात नाही, आणि त्याबदल्यात त्याने बरे होण्याची इच्छा धरून योग्य उपचार घ्यावेत अशी अपेक्षा असते. हे वाचून वर्गातील मुलींच्या चेहऱ्यावर जो प्रश्न उमटतो तो मला तोंडपाठ आहे. आपल्या घरात ही सूट कोणाला मिळते? वडिलांना ताप आला तर घर हळू बोलते. आईला ताप आला तर ती गोळी घेऊन चुलीपाशी उभी राहते. ज्या स्त्रीला 'मी थकले आहे, मन लागत नाही' असे म्हणण्याची मुभा नाही, तिला निदान 'अंगावरून जाते' असे म्हणून दवाखान्याच्या बाकावर अर्धा तास बसता येते. पार्सन्स यांची मांडणी अपुरी आहे असे नंतरच्या अनेक अभ्यासकांनी दाखवले. ती अपुरी का आहे हे आमच्या मुली कोणाचेही पुस्तक न वाचता सांगू शकतात, आणि त्यांना तशी संधी मिळणे हेच शिक्षण आहे.

२००२ साली प्रसिद्ध झालेला गोव्यातील बाळंतिणींचा अभ्यासही असाच बोलका आहे. बाळंतपणानंतर सहा ते आठ आठवड्यांनी २५२ पैकी ५९ माता, म्हणजे २३ टक्के, नैराश्यात असल्याचे त्यात आढळले. आर्थिक ओढाताण आणि नवऱ्याशी बिघडलेले संबंध ही त्यामागची मोठी कारणे होती, आणि मुलगी झालेली असेल तर मारहाण आणि उपासमार यांचा परिणाम अधिक तीव्र होत होता. बाळंतपण इस्पितळात झाले की ते सुरक्षित झाले, अशी आपली समजूत आहे. गोव्यात बहुतेक सगळी बाळंतपणे इस्पितळात होतात आणि ही खरोखरच अभिमानाची गोष्ट आहे. पण आई घरी गेल्यावर मुलगी पाहून सासरचा स्वर कसा बदलतो याची नोंद इस्पितळाच्या कागदावर होत नाही.

अशा अभ्यासांतून उपचारही निघू शकतात. गोव्यातील सरकारी प्राथमिक आरोग्य केंद्रांत आणि खासगी डॉक्टरांच्या दवाखान्यांत स्थानिक भाषा बोलणाऱ्या, डॉक्टर नसलेल्या समुपदेशकांना प्रशिक्षण देऊन नैराश्य आणि चिंता यांवर मदत देण्याचा मोठा प्रयोग झाला आणि त्याचे निष्कर्ष २०१० साली प्रसिद्ध झाले. सरकारी केंद्रांतील रुग्णांना या पद्धतीचा लाभ झाला, खासगी दवाखान्यांत तसा स्पष्ट फरक दिसला नाही. पद्धत तीच होती, संस्था वेगळी होती. उपचार कोणत्या संस्थेत, कोणत्या नात्यात आणि किती वेळ देऊन होतो याचा परिणामावर फरक पडतो, हे शिकवायला मला गोव्याबाहेर जावे लागत नाही.

मधुमेहाबद्दल थोडक्यात लिहितो, कारण त्याची चर्चा पुष्कळ होते. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या देशव्यापी अभ्यासात, जो २०२३ साली प्रसिद्ध झाला, गोव्यातील प्रौढांत मधुमेहाचे प्रमाण २६.४ टक्के आढळले. देशाचे प्रमाण ११.४ टक्के होते आणि गोवा सर्व राज्यांत वर होता. यावर आपले नेहमीचे उत्तर तयार असते: गोंयकारांनी गोड कमी खावे, सकाळी चालावे. पण २०११च्या जनगणनेनुसार ज्या राज्यातील ६२ टक्के लोक नागरी भागात राहतात, जिथे शेते पडीक राहिली, रस्त्यांना पदपथ नाहीत आणि घरटी वाहन ही गरज होऊन बसली, तिथे चालणे हा केवळ इच्छाशक्तीचा प्रश्न कसा राहील? चौपदरी महामार्गाच्या कडेने चालायला निघालेल्या माणसाला ते विचारावे.

समाजशास्त्राची सर्वात निकड असते ती दोष कोणाला द्यायचा हे ठरवण्याची घाई सुरू होते तेव्हा. गोव्यात हिवताप वाढला की 'परप्रांतीय मजुरांनी आणला' हे वाक्य पानटपरीपासून सभागृहापर्यंत ऐकू येते. बांधकामावरील मजुराची रक्ततपासणी आणि आरोग्य कार्ड यांची पद्धत गोव्याने त्यातूनच सुरू केली आणि ती उपयुक्तही आहे. पण शहरी हिवतापाचा डास वाढतो तो बांधकामावर साठवलेल्या पाण्यात, स्लॅबवर मुरवण्यासाठी सोडलेल्या पाण्यात, उघड्या टाक्यांत. कार्ड मजुराच्या खिशात असते आणि टाकी ठेकेदाराची असते. कायद्याने ठेकेदारावर जबाबदारी टाकली आहे, तरी आपल्या बोलण्यात हिवतापाला चेहरा मिळतो तो मजुराचा. २०२० साली वास्कोतील मांगोर हिल कोविडचा पहिला मोठा प्रतिबंधित विभाग झाला तेव्हाही तेच घडले. दाटीची वस्ती, लहान घरे, रोज बाहेर पडल्याशिवाय न भागणारी कामे ही कारणे बाजूला राहिली आणि त्या वस्तीचा पत्ता हाच एक संशय झाला. माझ्या ओळखीच्या एका वास्कोच्या कामगाराला त्या महिन्यांत त्याच्या मालकाने केवळ पत्त्यावरून कामावर येऊ दिले नाही. तपासणीत तो बाधित नव्हता.

समाजशास्त्राच्या विरोधात जे आक्षेप घेतले जातात त्यांतील दोन मला गंभीर वाटतात. पहिला असा की सगळ्याची जबाबदारी समाजावर टाकली की व्यक्ती मोकळी सुटते. दारू पिणारा म्हणेल की परिस्थितीने प्यायला लावले. हा धोका खरा आहे आणि वाईट पद्धतीने शिकवलेल्या समाजशास्त्रातून तो उद्भवतो. पण परिस्थिती समजून घेणे आणि माफी देणे या दोन वेगळ्या क्रिया आहेत. ज्या गावात संध्याकाळी पुरुषांना बसायला तवेर्न, म्हणजे दारूचा गुत्ता, सोडून दुसरी जागा नाही, त्या गावातील व्यसनी माणसाला उपचारही हवा आणि त्याने प्रयत्नही केला पाहिजे. मात्र उपचार घेऊन तो परत येणार आहे त्याच संध्याकाळी आणि त्याच तिठ्यावर, हे त्याच्या डॉक्टरला माहीत असलेले बरे.

दुसरा आक्षेप वैज्ञानिक दृष्टीच्या नावाने येतो. देवाला कौल लावणारा, दृष्ट काढणारा माणूस समजून घ्या असे म्हणणे म्हणजे अंधश्रद्धेला मान देणे, असे काहींना वाटते. गोव्यातील अनेक घरांत आजही मोठ्या निर्णयापूर्वी देवाचा प्रसाद, म्हणजे कौल, घेतला जातो. प्रसादाने गाठ बरी होते असे समाजशास्त्र म्हणत नाही आणि तसे म्हणणाऱ्याला त्याने पाठीशीही घालू नये. ते एवढेच पाहते की त्या दिवशी देवळात सगळे भाऊ एकत्र येतात, खर्च कोणी करायचा हे ठरते आणि म्हाताऱ्या आईला 'जा, शस्त्रक्रिया करून घे' असे सांगणारा एक आवाज मिळतो. जी परिचारिका हे जाणते ती कुटुंबाला हिणवण्यात वेळ न घालवता 'प्रसाद उद्याच घ्या आणि परवा बांबोळीला, जीएमसीत या' असे सांगू शकते. विज्ञानाचे यात काही नुकसान होत नाही, रुग्णाचे मात्र दोन महिने वाचतात.

आपल्या शिक्षणाची आजची रचना या सगळ्याच्या उलट आहे. जो विद्यार्थी डॉक्टर, परिचारिका किंवा औषधनिर्माता होणार तो अकरावीला विज्ञान शाखेत जातो आणि समाजशास्त्राचे पान त्याला दिसत नाही. जो कला शाखेत येतो तो समाजशास्त्र घेतो, पण त्याला आरोग्य हा आपला विषय वाटत नाही, आणि आम्ही शिक्षकही त्याच्याकडून व्याख्या पाठ करून घेण्यात वर्ष संपवतो. एमबीबीएसच्या अभ्यासक्रमात सामुदायिक वैद्यक हा विषय आहे, २०१९पासून वृत्ती, नीती आणि संवाद यांचे स्वतंत्र प्रशिक्षणही त्यात आले, आणि ते चांगलेच झाले. पण रुग्णाशी गोड बोलणे ही एक गोष्ट आहे आणि त्याला बोलता का येत नाही हे समजणे ही दुसरी. ते समजायला वर्ग, जात, लिंगभाव, स्थलांतर आणि जमीन या गोष्टींचा सलग अभ्यास लागतो, आणि तो सतराव्या-अठराव्या वर्षी सुरू झाला पाहिजे, कारण त्या वयात मुले आपल्या गावाकडे अजून नवेपणाने पाहू शकतात.

म्हणून माझी मागणी मर्यादित आहे. अकरावी-बारावीच्या सर्व शाखांना 'आरोग्य आणि समाज' असा एक छोटा अभ्यास असावा, त्याची लेखी परीक्षा नसावी, आणि प्रत्येक विद्यार्थ्याने आपल्या वाड्यावरील एका आजाराचा माग काढावा: कोण आजारी पडले, ते काय काम करतात, पहिल्यांदा कोणाकडे गेले, किती दिवसांनी आरोग्य केंद्रात पोचले, कोणी नेले आणि त्या दिवसाचे पैसे कुठून आले. दीनदयाळ स्वास्थ्य सेवा या राज्याच्या आरोग्यविमा योजनेचे कार्ड घरात आहे का, आणि असल्यास ते वापरताना कुठे अडले, हेही त्यात येईल. माणसांची नावे वहीत लिहायची नाहीत, ही अट मात्र काटेकोर हवी. डॉमनिकच्या गोव्यात तरी ती समजावून सांगावी लागू नये.

अभ्यासक्रम बदलायला समित्या लागतात आणि समित्यांना वर्षे लागतात. पण काजूचा हंगाम दर फेब्रुवारीला येतो. त्याआधी जानेवारीत, सत्तरीतील वाळपईच्या आसपासच्या कोणत्याही विद्यालयात, जीवशास्त्राच्या आणि समाजशास्त्राच्या शिक्षकांनी मिळून माकडतापावर दोन तास घेता येतील. एक गोचिडीवर आणि एक बोंडू वेचायला कोण जातो यावर. दुसऱ्या तासाची सुरुवात मी त्या मागच्या बाकावरच्या मुलीच्या वाक्याने करीन.